चार गुरं चार

हे तीन शब्द जरा मोठ्यानं म्हणून बघा. पहिल्या 'चार'ला जीभ टाळूला लागते. शेवटच्या 'चार'ला तीच दातांमागे सरकते आणि 'त्स'सारखा आवाज येतो. कागदावर दोन्ही अगदी सारखे, पण एक आकडा आणि दुसरी आज्ञा. मराठवाड्यातल्या बदनापूरच्या शिवारातल्या पोराला हे कुणी शिकवत नाही, तरी त्याची चूक होत नाही.

यामागे नियम आहे. च, ज, झ यांच्यापुढे इ, ई, ए आले की उच्चार टाळूकडे जातो. अ, आ, उ, ओ आले की देशी शब्दांत सहसा दातांकडे. म्हणून 'चिंच' या एवढ्याशा शब्दात पहिला च एक आणि दुसरा च वेगळाच! मग आकड्यातला 'चार' टाळूचा कसा? जुन्या कागदांत तो 'च्यार' असाही लिहिलेला सापडतो. लेखनातला य गेला, उच्चारातली त्याची खूण राहिली. आणखी गंमत बघा: 'माझा' म्हणताना झ दाताचा, 'माझी' म्हणताना टाळूचा. लिंग बदललं की व्यंजनच बदलतं, आणि आपण जन्मभर ते बिनचूक करत असतो. तेलुगूतही च-जची अशीच फोड आहे.

आता शेतातला दाताचा च घ्या: चाडं. तिफणीवर बसवलेली लाकडी वाटी. तिच्या तळाला भोकं, भोकांना नळ्या, आणि नळ्या तीन फणांपाशी उतरलेल्या. पेरणारा मुठीतून दाणे सोडतो तो असा, की तिन्ही तासांत सारखं बी पडावं. यालाच 'चाड्यावर मूठ धरणं' म्हणतात. मूठ सैल पडली तर पीक दाट, आवळली तर विरळ.

पण मूठ धरायची कधी? वापसा आल्यावर. पुस्तकात 'वाफसा', मराठवाड्यात मात्र 'वापसा'. परतीच्या 'वापस'शी त्याचा काही संबंध नाही. पावसानंतर काळ्या रानात पाय रुततो, औत चालत नाही. मग जादा पाणी खाली निथळतं, मातीच्या फटींत हवा शिरते, ओल तेवढी राहते. मूठभर माती दाबली तर गोळा व्हावा, पण हाताला चिकटू नये. टाकला की फुटावा. पंच्याहत्तर ते शंभर मिलिमीटर पाऊस झाल्यावरच पेरा, असं कृषी विद्यापीठ सांगतं. पण त्यातही अट वापशाचीच असते.

आणि मुठीतलं बी? त्याच्या पिशवीवर बदनापूरचं नाव तीन इंग्रजी अक्षरांत दडलेलं असतं. इथल्या कृषी संशोधन केंद्रानं काढलेल्या तुरीच्या वाणांच्या पिशवीवर 'बीडीएन' असतं. ते म्हणजे बदनापूर. बीडीएन ७११ पांढरी, ७१६ लाल. दुकानात मात्र तेवढंही कुणी म्हणत नाही. "सातशे अकरा आहे का?" एवढंच.