प्रसार भारती : कायद्याने स्वायत्त, खर्चाला सरकारी

आकाशवाणी आणि दूरदर्शन यांचा कारभार पाहणाऱ्या वैधानिक महामंडळाचे नाव प्रसार भारती. त्याचा कायदा संसदेने १९९० मध्ये केला, पण तो अमलात येऊन महामंडळ प्रत्यक्ष उभे राहायला २३ नोव्हेंबर १९९७ उजाडला. माहिती देणे, शिक्षण देणे आणि मनोरंजन करणे ही त्याची कामे कायद्यात नोंदलेली आहेत. शेती, आरोग्य, ग्रामविकास, स्त्रिया व मुले आणि प्रादेशिक भाषांची संस्कृती यांकडे विशेष लक्ष देण्याचे बंधनही त्याच्यावर आहे. ही कामे कोणाच्या पैशांवर करायची, हा प्रश्न मात्र भारतीय प्रसारणाला जन्मापासून चिकटलेला आहे.

२३ जुलै १९२७ रोजी मुंबईत इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचे केंद्र सुरू झाले, तेव्हा ही व्यवस्था खासगी होती. रेडिओ बाळगणाऱ्याने वर्षाला १० रुपये परवाना शुल्क भरायचे, त्यातला ८० टक्के वाटा कंपनीला मिळायचा. शिवाय आयात होणाऱ्या रेडिओसंचांवर तिला काही रक्कम मिळे. परवानाधारक मात्र काही हजारांपलीकडे गेले नाहीत. १९३० मध्ये कंपनी दिवाळखोरीत निघाली आणि केंद्रे सरकारने ताब्यात घेतली. परवान्याची पद्धत पुढेही टिकली. स्वातंत्र्यानंतर कित्येक दशके लोक पोस्टात जाऊन रेडिओचा, नंतर दूरचित्रवाणी संचाचाही, परवाना काढत आणि दरवर्षी त्याचे नूतनीकरण करत.

जाहिरातींची वाट महाराष्ट्रातून उघडली. १ नोव्हेंबर १९६७ रोजी विविध भारतीवर मुंबई, पुणे आणि नागपूर येथून व्यापारी प्रसारण सुरू झाले. १९७६ मध्ये दूरदर्शनवरही जाहिराती आल्या. त्यांचे उत्पन्न वाढत असतानाच १९८५ मध्ये परवाना शुल्क रद्द झाले. संचधारकांची कटकट गेली, वसुलीचा खर्चही वाचला. पण श्रोता आणि प्रसारणसंस्था यांच्यातले पैशाचे थेट नाते तुटले. ही या इतिहासातली सर्वांत दूरगामी घटना म्हणावी लागेल, कारण स्वायत्तता आली ती त्यानंतर बारा वर्षांनी, स्वतःचा हक्काचा झरा आटल्यावर.

स्वायत्ततेची मागणी आणीबाणीतल्या अनुभवातून पुढे आली होती. त्या काळात आकाशवाणी व दूरदर्शन सरकारचे मुखपत्र बनले होते. त्यानंतर बी. जी. वर्गीज यांच्या अध्यक्षतेखालील गटाने १९७८ मध्ये ‘आकाश भारती’ नावाचा स्वतंत्र न्यास सुचवला. तो प्रत्यक्षात आला नाही. १९९० चा कायदाही वर्षानुवर्षे अधिसूचनेविना पडून राहिला. त्याला बळ मिळाले ते फेब्रुवारी १९९५ मध्ये. क्रिकेट सामन्यांच्या प्रक्षेपणावरून क्रिकेट असोसिएशन ऑफ बेंगॉल आणि केंद्र सरकार यांच्यात खटला झाला. त्यात न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी लिहिलेल्या निकालात रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता असून त्यांचे नियमन लोकहितासाठी सार्वजनिक संस्थेने करावे, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले.

कायद्याचे १७ वे कलम वाचले की अडचण कळते. परवाना शुल्क जमा होत असल्यास वसुलीखर्च वजा जाता त्याची रक्कम आणि त्याशिवाय केंद्र सरकारला आवश्यक वाटतील त्या रकमा महामंडळाला द्याव्यात, अशी त्यात तरतूद आहे. पहिला स्रोत कायदा होण्यापूर्वीच संपलेला होता. दुसरा सरकारच्या निर्णयावर अवलंबून आहे. भर म्हणून, ५ ऑक्टोबर २००७ पर्यंत भरती झालेले कर्मचारी नंतरच्या दुरुस्तीने प्रतिनियुक्तीवरील सरकारी कर्मचारी ठरले आणि त्यांच्या पगाराचा भार सरकारकडे राहिला. अध्यक्ष आणि सदस्यांची निवड उपराष्ट्रपतींच्या अध्यक्षतेखालील समितीने सुचवावी, ही चांगली तटबंदी आहे. पण ज्याच्याकडून पगार येतो त्याच्यापुढे ती फार काळ पुरी पडत नाही.

सगळे जाहिरातींवर सोडले तरी हे काम निभत नाही. बीड, यवतमाळ, चंद्रपूर किंवा ओरोस येथील केंद्राचा श्रोता जाहिरातदाराला फारसा मोलाचा नसतो. पिकावरच्या रोगाची, पावसाच्या इशाऱ्याची माहिती त्यालाच सर्वांत जास्त हवी असते. पणजी केंद्र कोकणी आणि मराठी या दोन्ही भाषांत बोलते. ‘गीतरामायण’ १९५५ मध्ये पुणे केंद्रावरून आठवड्याला एक गीत या गतीने वर्षभर प्रसारित होत राहिले. दूरदर्शनच्या मुंबई केंद्राने ‘आमची माती आमची माणसं’सारखा शेतीविषयक कार्यक्रम चालवला. प्रत्येक मिनिटाचा हिशेब मागणाऱ्या बाजारात यातले किती टिकले असते, याची शंका वाटते.

महामंडळाने मिळकतीचे इतर मार्गही धरले. २००७ च्या कायद्याने राष्ट्रीय महत्त्वाच्या क्रीडास्पर्धांचे प्रक्षेपण खासगी हक्कधारकांना प्रसार भारतीला द्यावे लागते. दूरचित्रवाणीवरील जाहिरात उत्पन्नाचे ७५ टक्के हक्कधारकाला आणि २५ टक्के प्रसार भारतीला मिळतात. याहून महत्त्वाची ठरली ती २००४ मध्ये सुरू झालेली आणि पुढे डीडी फ्री डिश या नावाने ओळखली जाणारी सेवा. छत्री आणि सेट टॉप बॉक्सचा एकदाचा खर्च केला की महिन्याचे भाडे नाही, त्यामुळे ती गरीब घरांत पोहोचली. तिच्यावरील जागा खासगी वाहिन्यांना लिलावाने दिल्या जातात. लोकसेवा आणि उत्पन्न यांचा मेळ इतका चांगला प्रसार भारतीला अन्यत्र क्वचितच साधला असेल.

इतर देशांनी निरनिराळ्या वाटा घेतल्या. ब्रिटनमध्ये बीबीसी अजूनही परवाना शुल्कावर चालते. फ्रान्सने ते २०२२ मध्ये रद्द केले. जर्मनीत २०१३ पासून प्रत्येक घराला ठरावीक वर्गणी आहे. तिथे प्रसारणसंस्थांची गरज स्वतंत्र आयोग तपासतो, मग राज्ये मान्यता देतात. सॅक्सनी-आनहाल्ट या राज्याने वाढ अडवली, तेव्हा २०२१ मध्ये घटनात्मक न्यायालयाने ती लागू केली. दर महिना १८.३६ युरोवर गेला. अनुकरणीय आहे ते हे : रकमेचा निर्णय सत्ताधाऱ्यांच्या मर्जीबाहेर ठेवणे. भारतात पुन्हा परवाने काढायला लावणे व्यवहार्य नाही, पण अनेक वर्षांसाठी बांधून दिलेला आणि स्वतंत्र आयोगाने ठरवलेला निधी संसदेला देता येईल.

सॅम पित्रोदा समितीने २०१४ मध्ये मालमत्ता आणि मनुष्यबळ पूर्णपणे प्रसार भारतीकडे सोपवून तिला प्रशासकीय व आर्थिक स्वायत्तता द्यावी, असे सुचवले होते. त्यानंतर जानेवारी २०२३ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने पायाभूत सुविधांसाठी २,५३९.६१ कोटी रुपयांची योजना मंजूर केली. एफएमची व्याप्ती लोकसंख्येच्या ६८ टक्क्यांवरून ८० टक्क्यांवर नेणे आणि दुर्गम, आदिवासी व सीमावर्ती भागांत आठ लाखांहून अधिक सेट टॉप बॉक्स मोफत वाटणे, ही तिची उद्दिष्टे होती. ही योजना २०२५-२६ पर्यंतची असून तिचा पैसाही केंद्राच्या तिजोरीतलाच आहे.