बिरड्याचा सण आणि गाण्यांच्या वह्या

कोचीनहून आलेल्या दाविद रहाबी या यहुद्याने कोकणातल्या शनिवार तेल्यांची, म्हणजे बेने इस्राएलांची, परीक्षा घेतली ती स्वयंपाकघरात. त्यांच्यात पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाणारी ही हकिकत आहे. शनिवारी घाणा बंद ठेवणारे, मुलग्यांची सुंता करणारे हे मराठी बोलणारे लोक खरोखर यहुदी आहेत का, हे त्याला पाहायचे होते. त्याने घरातल्या बायकांपुढे मासे ठेवले आणि शिजवायला सांगितले. बायकांनी पर आणि खवले असलेले मासे घेतले, बाकीचे बाजूला सारले. ते आपल्यात खात नाहीत, एवढेच कारण. रहाबीची खात्री पटली. पुढे त्याने तीन माणसे निवडून त्यांना धर्म शिकवला आणि काजी केले. ते तिघेही पुरुष होते.

रहाबी नेमका कोणत्या शतकात आला, याबद्दल अभ्यासकांत मोठे मतभेद आहेत. मला मात्र या हकिकतीत तारखेपेक्षा परीक्षा कोणाची झाली आणि पदवी कोणाला मिळाली हे महत्त्वाचे वाटते. मराठी यहुदी बायकांचा इतिहास बराचसा याच वाटेने गेला आहे.

वऱ्हाडातल्या माणसाला सिनेगॉग, म्हणजे यहुद्यांचे प्रार्थनामंदिर, पाहायचे तर पुणे-मुंबई नाहीतर थेट रायगड गाठावा लागतो, त्यामुळे वाशीमकडे हा समाज फारसा कोणाच्या ओळखीचा नाही. पण एक छोटा धर्मसमाज शतकानुशतके कसा टिकतो, हा प्रश्न आपल्याला परका नाही. आपल्या कारंजा लाडला जैनांच्या मठांत हस्तलिखितांची भांडारे आहेत. तिथे ग्रंथ होते, ते उतरवून घेणारे होते, भट्टारक होते. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून सात जोडपी वाचली, असे बेने इस्राएल आपल्या उगमाबद्दल सांगतात. त्यांच्यापाशी यातले काहीच नव्हते. पोथी नाही, धर्मगुरू नाही, हिब्रूतली ‘शेमा’ची प्रार्थना सोडली तर भाषाही नाही. उरले होते ते खाण्याचे नियम, शनिवारची विश्रांती, सुंता आणि उपास. यातली सुंता सोडली तर बाकी सगळे बायकांच्या हातात होते.

त्यांच्या सणांची जुनी नावेच पाहा. जगभरचे यहुदी ज्याला ‘तिशा बआव’ म्हणतात, जेरुसलेमचे मंदिर पडल्याचा तो शोकदिवस कोकणात बिरड्याचा सण झाला, कारण त्या दिवसाचे जेवण सोललेल्या वालाच्या बिरड्याचे. योम किप्पूरला, म्हणजे दिवसभर दार लावून घरात उपास करण्याच्या दिवसाला, दारफाळणीचा सण म्हणत. एक खिरीचा सण होता. वल्हांडणाचा सण, पेसाह, हा आंबट पाण्याचे भांडे झाकून ठेवण्याच्या रीतीवरून ओळखला जाई. मंदिर कोणी पाडले, मिसरातून सुटका कशी झाली, या कथा विसरल्या गेल्या होत्या. दिवस मात्र चुकला नव्हता. कोणत्या महिन्यात काय शिजवायचे आणि कधी चूल पेटवायची नाही, हे सासू सुनेला सांगत राहिली म्हणून पंचांग राहिले.

नव्या वर्षाला हे लोक चिकाचा हलवा करतात. गव्हाचा चीक आपल्याकडे कुरडयांसाठी घरोघरी काढतात, तोच. पण त्यांच्या हलव्यात दूध नारळाचे. मटणाच्या जेवणावर गाईचे दूध चालत नाही आणि कोकणात नारळ दारात, तेव्हा नियम आणि परसू यांचा मेळ बाईने घातला. तीच गोष्ट मलिद्याची. भिजवलेले पोहे, ओले खोबरे, साखर किंवा गूळ आणि फळे यांचे ताट मांडून एलियाहू हन्नाबी या संदेष्ट्याचे नाव घ्यायचे, नवस फेडायचा. लग्नाआधी मेंदी, गळ्यात मंगळसूत्र, हेही सगळे आले.

शेजाराकडून आलेले सगळेच चांगले होते असे नाही. यहुदी धर्मशास्त्रात विधवेच्या लग्नाला बंदी नाही, तरी बेने इस्राएलांत गावच्या वरच्या जातींचे पाहून पुनर्विवाह कमी लेखला जाऊ लागला. गोरे इस्राएल आणि काळे इस्राएल असे दोन गट पडले. आई परसमाजातली, तर संतती ‘काळी’. रोटीव्यवहार नाही, बेटीव्यवहार नाही. बाईच्या कुळाची ही चौकशी पुढे साऱ्या समाजावरच उलटणार होती.

एकोणिसाव्या शतकात ग्रंथ आले. 1832 मध्ये जॉन विल्सन यांनी मराठीतून हिब्रूचे व्याकरण छापले. मिशनऱ्यांच्या शाळांत बेने इस्राएल मुलींनी लवकर पाऊल टाकले. 1874 साली पुण्यात वल्हांडणाच्या रात्री वाचायची ‘हग्गादा’ मराठी अर्थासह छापून निघाली. तिच्या चित्रांत बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका साड्या नेसलेल्या आहेत. पुढच्याच वर्षी, 1875 मध्ये, हाईम सॅम्युएल केहिमकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मुंबईत इस्राएली शाळा काढली. ही शाळा या सगळ्या मागोव्यात मला फार मोलाची वाटते, कारण पुढे तिची सूत्रे एका बाईच्या हाती गेली.

रिबेका रूबेन, जन्म 1889. मुंबई विद्यापीठाच्या 1905 च्या मॅट्रिकमध्ये त्या पहिल्या आल्या, आणि तोवर हे कुठल्याही मुलीला जमले नव्हते. शिक्षणशास्त्र शिकायला इंग्लंडला गेल्या, परतल्या, आणि 1922 पासून 1950 पर्यंत या शाळेच्या मुख्याध्यापिका राहिल्या. बेने इस्राएलांच्या वार्षिकाचे संपादन केले, मुलांसाठी पाठ्यपुस्तके लिहिली. अठ्ठावीस वर्षे एका शाळेत, एका समाजाच्या जवळजवळ दोन पिढ्या त्यांच्या हाताखालून गेल्या. आपल्या शिक्षणाच्या इतिहासात त्यांचे नाव अभावानेच येते, याचे मला मनापासून वाईट वाटते.

त्यांच्याच बरोबरीच्या डॉ. जेरुशा झिराड, जन्म 1890. बहीण आजारी असताना मुंबईच्या कामा रुग्णालयात स्त्री डॉक्टर पाहिली आणि अकराव्या वर्षी ठरवले की आपण हेच व्हायचे. ग्रँट मेडिकल कॉलेजातून पदवी घेतली, सरकारी शिष्यवृत्तीवर लंडनला गेल्या, 1919 मध्ये एम.डी. झाल्या. 1928 ते 1947 त्याच कामा रुग्णालयाच्या त्या प्रमुख होत्या. मुंबईत बाळंतपणात बायका का मरतात, याची त्यांनी केलेली पाहणी आजही वाचावी अशी आहे. 1950 मध्ये देशातल्या प्रसूतितज्ज्ञांच्या महासंघाच्या त्या पहिल्या अध्यक्ष, 1966 मध्ये पद्मश्री. एवढ्यावर त्या थांबल्या नाहीत. लंडनमध्ये लिली माँटेग्यू या बाईंनी उदारमतवादी यहुदी चळवळ उभी केली होती. तिच्या प्रेरणेने झिराड यांनी 1925 मध्ये मुंबईत ज्यूइश रिलिजस युनियन सुरू केली. रहाबीने ज्या बायकांना मासे निवडायला लावले, त्यांच्याच कुळातली ही बाई आता प्रार्थना कशी व्हावी हे ठरवत होती.

1948 नंतर समाज इस्रायलला निघाला. आणि तिथे, 1962 च्या सुमारास, मुख्य रब्बींच्या, म्हणजे धर्मगुरूंच्या, कार्यालयाने फर्मान काढले: बेने इस्राएलांचे लग्न लावण्याआधी आईचे कूळ जमेल तितके मागे जाऊन तपासा. शतकानुशतके ज्यांच्या चुलीने धर्म राखला, त्यांच्याच रक्तावर संशय. लोक संपावर बसले, मोर्चे निघाले, आणि ऑगस्ट 1964 मध्ये इस्रायलच्या संसदेने ते सर्वार्थाने यहुदी असल्याचे जाहीर केले. हा अपमान मुख्यतः बायकांचा होता. आया-आज्यांची नावे सांगत स्वतःला यहुदी सिद्ध करायची पाळी त्यांच्या लेकींवर आली होती.

जाणे आणि राहणे यांतली ओढाताण कादंबरीत आली, पण मराठीत नाही. मीरा महादेवन, मूळच्या मिरियम मेंड्रेकर, यांनी 1961 मध्ये ‘अपना घर’ लिहिली ती हिंदीत. याच मीराबाईंनी 1969 मध्ये दिल्लीत बांधकाम मजूर बायकांच्या मुलांसाठी ‘मोबाइल क्रेश’ सुरू केले. शीला रोहेकरांची ‘मिस सॅम्युएल’ हिंदीत. एस्थर डेव्हिड यांच्या ‘बुक ऑफ रेचल’ला 2010 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, कोकणातल्या रिकाम्या झालेल्या गावात एकटी राहून सिनेगॉग सांभाळणाऱ्या म्हातारीची ती गोष्ट, प्रत्येक प्रकरणाला एक पाककृती, आणि भाषा इंग्रजी.

तर मग मराठीत या बायकांनी लिहिलेच नाही का? लिहिले, आपण ते साहित्यात धरले नाही. 1880 च्या सुमारास बेने इस्राएलांनी बायबलमधल्या कथांवर मराठी कीर्तने रचली, छापली. योसेफ, मोशे, एस्तेर यांची आख्याने, चाली आपल्या कीर्तनातल्या. ही गाणी बायकांनी उचलली, हाताने वह्यांत उतरवली, त्यांत भर घातली, लग्नात, मलिद्याला, मंडळात गायली. अॅना शुल्ट्झ या संगीत-अभ्यासक बाईंनी त्यांवर अनेक वर्षे काम केले आहे. मराठी विद्यापीठांतून तेवढ्या आस्थेने कोणी बसलेले माझ्या पाहण्यात नाही.

या वह्या ठाण्यात आहेत, मुंबईत आहेत, इस्रायलमधल्या मराठी घरांतही आहेत. तिथल्या अनेक नातींना आजीची मराठी समजते, देवनागरी वाचता येत नाही. जात्यावरच्या ओव्या गोळा करायला आपल्याकडे माणसे गावोगाव हिंडली, तशीच माणसे आता या वह्यांपाशी गेली पाहिजेत. गाणाऱ्या बायका चाल सांगायला आहेत तोवर.