किनाऱ्याचे काटे

मीरा रोडच्या बेव्हर्ली पार्कमधून तुम्ही वसईला जायला निघालात, तर भाईंदर स्टेशन सुटताच लोकल खाडीच्या पुलावर येते. तेव्हा खिडकीतून खाली पाहा. कधी पाणी तिवरांच्या फांद्यांना टेकलेले दिसते. कधी तेच पाणी ओसरून नुसता चिखल उरलेला असतो आणि त्यात होड्या कलंडून पडलेल्या असतात. भरती आणि ओहोटी यांत एवढा फरक! ज्याला हा फरक ठाऊक नाही, त्याने या किनाऱ्याला जहाज लावू नये.

समुद्रावरून चालून आलेले सैन्य सर्वांत दुबळे केव्हा असते, ठाऊक आहे? होडीतून उतरताना. पाय पाण्यात असतात, अंगावर ओझे असते आणि समोर शत्रूचा तट असतो. म्हणून किनारा राखणारे लोक शत्रूला नेमके तेथेच अडवतात.

मुंबईच्या दक्षिणेला, थळ गावासमोर खांदेरी नावाचे बेट आहे. १६७९ साली शिवाजी महाराजांनी तेथे किल्ला बांधायला घेतला. इंग्रज आणि सिद्दी दोघांनीही विरोध केला. बांधकाम मायनाक भंडारी पाहत होते आणि आरमार दौलतखानाच्या हाती होते. इंग्रजांची जहाजे मोठी, वाऱ्यावर चालणारी. मराठ्यांच्या होड्या लहान, उथळ पाण्यातूनही वल्हवत नेता येणाऱ्या. रात्रीच्या अंधारात त्या बेटावर सामान पोहोचवत. किल्ला उभा राहिलाच!

या किल्ल्याच्या तटाखाली, भरतीचे पाणी येते तेथे, मोठमोठे दगड पसरलेले आहेत. ते मुद्दाम टाकले होते, असे अभ्यासक सांगतात. अशा दगडांवर कालवे वाढतात. कालवांच्या शिंपल्यांची धार सुरीसारखी असते. अनवाणी उतरणाऱ्या शिपायाची काय गत होत असेल, याची कल्पना करा. या दगडांना ना पहारेकरी लागतो, ना दारूगोळा.

विजयदुर्गाजवळ तर समुद्राच्या तळाशी सुमारे १२० मीटर लांबीची एक भिंत आढळली आहे. शत्रूची जहाजे तिच्यावर आपटून फुटत, असे तेथील लोक सांगत आले आहेत.

आता आपण फार दूर, फ्रान्सच्या नॉर्मंडी किनाऱ्यावर जाऊ. दुसऱ्या महायुद्धात तो किनारा जर्मनांच्या ताब्यात होता. इंग्लंडकडून दोस्तांचे सैन्य येणार हे त्यांना ठाऊक होते. फील्ड मार्शल रोमेल याने वाळूत हजारो अडथळे रोवून घेतले. लाकडी खांबांच्या टोकांना सुरुंग बांधले. तीन लोखंडी तुकडे मधोमध जोडून काटे केले. तुम्ही सराट्याचा काटा पाहिला आहे ना? तो कसाही पडला, तरी त्याचे एक टोक वरच राहते. हे काटेही तसेच होते. भरतीच्या वेळी सारे पाण्याखाली दडत. वरून येणाऱ्या होडीला ते दिसत नसत. तिचा तळ फाटे किंवा सुरुंग फुटे.

मग दोस्तांनी काय केले? ते ओहोटीला आले! ६ जून १९४४ च्या सकाळी पाणी ओसरलेले होते आणि अडथळे उघडे पडले होते. पण या युक्तीची किंमत मोठी होती. ओमाहा नावाच्या भागात सैनिकांना सुमारे तीनशे मीटर उघडी वाळू ओलांडावी लागली, तीही समोरून मशीनगनचा मारा होत असताना. अडथळे उडवून वाटा मोकळ्या करणाऱ्या तुकड्यांकडे वेळ थोडा होता, कारण मागून भरती चढत होती. ठरवल्यापेक्षा फार थोड्या वाटा मोकळ्या झाल्या. त्या कामात पुष्कळ माणसे मेली. तरीही दिवस मावळेपर्यंत सैन्य किनाऱ्यावर पाय रोवून उभे होते.

आपल्या वसईची गोष्ट याहून वेगळी आहे. पोर्तुगिजांच्या या किल्ल्याला तीन बाजूंनी समुद्र, खाडी आणि दलदल यांचे संरक्षण होते. चिमाजी अप्पांनी तो पाण्याकडून घेण्याचा हट्ट धरला नाही. मार्च १७३९ मध्ये मराठ्यांनी खाडीच्या अलीकडचा धारावी किल्ला घेतला. त्यामुळे खाडीच्या तोंडावर त्यांची नजर राहिली. मग वसईच्या जमिनीकडच्या बुरुजाखाली सुरुंग लावले. मे महिन्यात किल्ला पडला.

त्या धारावी किल्ल्याचे अवशेष भाईंदर पश्चिमेला, चौक येथे आजही आहेत. सुटीच्या दिवशी वडीलमंडळींबरोबर तेथे जा. टेकडीवरून समोर वसईचा किनारा दिसतो आणि खाली खडकांवर कोळ्यांच्या होड्या भरतीची वाट पाहत असतात.