वडिलार्जित शेत : नोंद, वहिवाट आणि मालकी

भाऊबंदकीचे तंटे महाराष्ट्राला नवे नाहींत. नोकरीनिमित्त शहरांत स्थायिक झालेल्या पुष्कळ कुटुंबांचें गांवाकडे थोडेंबहुत शेत असतें. वडील हयात असेपर्यंत कागद कोणी पाहत नाहीं. ते गेल्यावर थोरला म्हणतो, 'सातबारा माझ्या नांवावर आहे'. धाकटा म्हणतो, 'पण जमीन आजोबांची आहे'. आणि बहिणीला कोणी विचारीतच नाहीं. अशा वेळीं नोंद, वहिवाट आणि मालकी या तीन निरनिराळ्या गोष्टींची गल्लत होते.

प्रथम नोंद. गांवनमुना सातमध्यें जमीन धारण करणाराचें नांव, क्षेत्र व बोजा असतो; बारामध्यें पिकांची माहिती असते. नांव बदलण्याचें कारण गांवनमुना सहांत, म्हणजे फेरफारांत, लिहिलेलें असतें. १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाच्या १५७ व्या कलमाप्रमाणें अशी नोंद खरी धरली जाते. परंतु उलट पुरावा येईपर्यंतच. फेरफारानें मालकी उत्पन्न होत नाहीं व नष्टही होत नाहीं, तो मुख्यतः साराआकारणीसाठीं असतो, असें सर्वोच्च न्यायालयानें वारंवार सांगितलें आहे. थोरल्याच्या नांवापुढें पूर्वी 'ए. कु. पु.', म्हणजे एकत्र कुटुंब पुढारी, हीं अक्षरें असत. उताऱ्याच्या पुनर्लेखनांत तीं गळलीं कीं पुढारी हा एकटा मालक भासूं लागतो. म्हणून आजचा उतारा पाहून थांबूं नये. आजोबांच्या काळापर्यंतचे फेरफार काढून नांवांची साखळी जुळवावी.

दुसरी गोष्ट वहिवाट. ज्याचा कबजा आहे तो मालक नव्हे, असें म्हणणारानें तें शाबीत करावें, हा १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यांतील नियम २०२३ च्या नव्या अधिनियमांतही कायम आहे. पीकपाहणी, साऱ्याच्या पावत्या, पीककर्जाचे कागद आणि शेजारच्या शेतकऱ्यांच्या साक्षी यांनीं वहिवाट सिद्ध होते. परंतु भावाभावांत हा नियम एकट्याच्या उपयोगीं फारसा पडत नाहीं. एका सहहिस्सेदाराचा कबजा हा सर्वांच्या वतीनें असतो. बारा वर्षें नांगर धरला म्हणून थोरला एकटा मालक होत नाहीं. इतरांचा हक्क त्यांना कळेल अशा रीतीनें उघड नाकारून मग ती मुदत लोटलेली असली पाहिजे. हें तत्त्व सर्वोच्च न्यायालयानें १९५६ सालींच स्पष्ट केलें. अर्थात् 'तुझा येथें कांहीं संबंध नाहीं' असें स्पष्ट उत्तर मिळाल्यावर स्वस्थ बसणें धोक्याचें असतें.

तिसरी गोष्ट मालकी. येथें जमीन वडिलांकडे कशी आली, हा कळीचा मुद्दा. स्वकष्टार्जित पैशानें खरेदी केली असेल तर तिचें मृत्युपत्र करण्यास ते मुखत्यार होते. त्यावर दोन साक्षीदारांची सही लागते. एकत्र कुटुंबाची वडिलार्जित जमीन असेल तर त्यांना फक्त आपल्या हिश्शाची व्यवस्था लावतां येते. हिंदु कुटुंबांत मुलीलाही अशा जमिनींत मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क आहे. ही सुधारणा ९ सप्टेंबर २००५ पासून अमलांत आली, आणि त्या दिवशीं वडील हयात असण्याची अट नाहीं असा निर्णय सर्वोच्च न्यायालयानें २०२० सालीं दिला. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वीं झालेल्या कायदेशीर वाटण्या त्यामुळें मोडत नाहींत. बहिणीनें हक्क सोडला असें म्हणावयाचें तर सामान्यतः नोंदणी केलेलें हक्कसोडपत्र लागतें. तलाठ्यापुढील जबाब त्यास पुरेसा नाहीं.

मालकीचा तंटा अखेर दिवाणी न्यायालयांतच सुटतो. तेथें हिस्से ठरले कीं साराआकारणी असलेल्या जमिनीची प्रत्यक्ष वाटणी जिल्हाधिकाऱ्यामार्फत होते. कज्जा टाळावयाचा असेल तर वारसाची वर्दी तीन महिन्यांच्या आंत द्यावी, तींत बहिणींसह सर्वांचीं नांवें घालावीं, आणि जुने फेरफार, खरेदीखतें व वाटणीपत्रें वडीलधारीं माणसें सांगण्यास आहेत तोंवरच गोळा करावीं. कागदाचा अर्थ सांगणारा माणूस गेला कीं त्याच कागदावरून पुढें दोन घरें एकमेकांशीं बोलेनाशीं होतात.