चित्रपटाची साक्ष

वाळूजच्या कारखान्यांतून पाळी संपवून बजाजनगरांत परतणाऱ्या कामगाराच्या खिशांत आज बहुधा चित्रण करणारा फोन असतो. रस्त्यांत मोर्चा निघाला, लाठी चालली, तर तो क्षण टिपणें मुळींच अवघड राहिलेलें नाहीं. परंतु टिपलेलें चित्र आणि साक्ष यांत अंतर आहे. तें कोणतें, हें आनंद पटवर्धन यांच्या दोन माहितीपटांवरून चांगलें उमगतें.

४ नोव्हेंबर १९७४ रोजीं पाटण्यांत जयप्रकाश नारायण यांच्या नेतृत्वाखालीं मोठा मोर्चा निघाला व पोलिसांनीं त्यावर लाठी चालविली. पटवर्धनांजवळ होता तो उसना घेतलेला, सुपर आठ जातीचा घरगुती कॅमेरा. त्याची फीत अवघी ८ मिलिमीटर रुंद; तिच्या प्रती काढून लोकांस दाखविणें दुर्घट. तेव्हां ती पडद्यावर टाकून, पडद्यावरील चित्राचेंच १६ मिलिमीटरच्या फितीवर पुन्हां चित्रण करण्यांत आलें. चित्र खरबरीत उमटलें, पण घटना हातची गेली नाहीं. ‘क्रांति की तरंगें’ हा पट असा सिद्ध झाला. तोंच जून १९७५ मध्यें आणीबाणी पुकारली गेली आणि त्याची प्रत तुकडे करून देशाबाहेर न्यावी लागली.

दुसरें उदाहरण घाटकोपरचें. ११ जुलै १९९७ रोजीं रमाबाई आंबेडकर नगरांत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाल्याचें सकाळीं आढळलें. लोक रस्त्यावर आले. राज्य राखीव पोलिसांनीं गोळीबार केला आणि १० माणसें प्राणांस मुकलीं. चार दिवसांनीं शाहीर विलास घोगरे यांनीं गळफास लावून घेतला. पटवर्धनांच्या १९८५ सालच्या ‘हमारा शहर’ या पटांत घोगरे गायले होते.

येथें कॅमेरा गोळीबारानंतर पोंचला. मग त्यास प्रत्यक्ष साक्षीदार कसें म्हणावें? उत्तर असें कीं, तो तेथून हलला नाहीं. वस्ती, सभा, शाहिरांचे जलसे यांतून तो १४ वर्षें फिरला आणि २०११ सालीं ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला. जमाव गॅसचे टँकर पेटविणार होता, असा पोलिसांचा बचाव होता; चौकशी करणाऱ्या न्या. गुंडेवार आयोगास तो पटला नाहीं. अशा दाव्यांची शहानिशा एका दिवसाच्या चित्रणानें होत नसते.

मराठवाड्यानें हें विशेष ध्यानीं घ्यावें. विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव जुलै १९७८ मध्यें विधिमंडळांत झाला आणि दलित वस्त्यांवर हल्ले झाले. नामविस्तार घडला तो १४ जानेवारी १९९४ रोजीं. त्या सुमारें १६ वर्षांच्या आठवणी पुष्कळ घरांत अजून तोंडींच आहेत, आणि सांगणारे आतां थकले आहेत. खिशांतील यंत्र त्यांच्यासमोर धरणें, कोण, कोठें, केव्हां हें नोंदविणें आणि ऐकलेलें ताडून पाहणें, हेंही चित्रकाराचेंच काम होय. क्षण टिपण्यास यंत्र पुरतें. साक्ष देण्यास त्याच माणसांच्या दारीं पुन्हां पुन्हां जावें लागतें.