फुरसुंगीचा बन्या, कळंबचं कुंड

भा. रा. भागवत (१९१०–२००१) म्हटलं की लोक फास्टर फेणेचं नाव घेतात आणि तिथेच थांबतात. पण त्याच लेखणीने ज्यूल व्हर्नही मराठीत आणला. ‘चंद्रावर स्वारी’, ‘मुक्काम शेंडेनक्षत्र’ ही नुसती भाषांतरं नव्हेत. मराठी पोराला एका दमात वाचता यावं, अशा बेताने केलेली ती रूपांतरं आहेत. गोष्टीला वेग कसा द्यायचा आणि प्रकरण नेमकं कुठे तोडायचं, हे भागवतांनी व्हर्नकडून घेतलं असावं. पत्ता मात्र त्यांनी उसना घेतला नाही. त्यांचा फास्टर फेणे, म्हणजे बनेश ऊर्फ बन्या फेणे, हा फुरसुंगीचा, शिकायला पुण्यात आलेला किडकिडीत पोरगा. सायकल दामटतो, नको तिथे नाक खुपसतो आणि ‘ट्टॉक्’ करतो. साहस खरं वाटायला नायक बलदंड असावा लागत नाही. त्याचं गाव खरं असलं की पुरे, असं माझं मत आहे.

यावर कोणी म्हणेल, बन्यासारखी गुन्हे शोधणारी पोरं हीच मुळात पाश्चात्त्यांकडून आलेली कल्पना. असेल. जर्मन लेखक एरिक केस्टनरची ‘एमिल’ची कादंबरी १९२९ची, म्हणजे बन्याच्या कितीतरी आधीची. तिच्यात आईने दिलेले पैसे एमिल कोटाच्या खिशात टाचणीने टोचून ठेवतो. आगगाडीत त्याला झोप लागते, पैसे जातात, आणि शेवटी नोटांवरची टाचणीची भोकंच चोराला पकडून देतात. राक्षस नाही, परी नाही. एक टाचणी आणि बर्लिनचे ओळखीचे रस्ते. पुढे १९३३मध्ये नाझींनी केस्टनरची पुस्तकं बर्लिनच्या चौकात जाळली, तेव्हा तो स्वतः गर्दीत उभा राहून बघत होता. त्याने बर्लिन लिहिलं, भागवतांनी पुणे लिहिलं. कल्पना परक्याची असेना का, रस्ते ज्याचे त्याचेच आहेत.

दुसरा आक्षेप जास्त बोचरा आहे आणि तो मला पुष्कळसा मान्यही आहे. पुण्याबाहेरच्या पोराला फुरसुंगी काय नि बर्लिन काय, दोन्ही सारखीच लांब. बन्या काश्मीरपर्यंत जाऊन आला, दूरदर्शनच्या मालिकेत दिसला, २०१७च्या सिनेमात तर मोठाही झाला. पण त्याचं बिऱ्हाड पुण्याच्या आसपासच राहिलं. हा दोष भागवतांच्या माथी मारण्यात अर्थ नाही. त्यांनी आपल्या माहितीतला मुलूख लिहिला. आमचा मुलूख आम्ही लिहायला हवा होता. यवतमाळ जिल्ह्यातलं कळंबच घ्या. चिंतामणीच्या देवळात पायऱ्या उतरून जमिनीखाली जावं लागतं. मूर्तीसमोर कुंड आहे, आणि काही वर्षांनी त्याचं पाणी आपोआप चढतं अशी त्याची ख्याती आहे. मोठी माणसं तिथे हात जोडतात. एखादा बन्या आधी पायरीवर खडूने खूण करील, दुसऱ्या दिवशी येऊन पाणी कुठवर आलं ते बघेल आणि पुजारीकाकांना नको ते प्रश्न विचारील. फेब्रुवारी २०२४पासून वर्ध्याहून कळंबपर्यंत आगगाडीही येते. खिडकीशी बसलेलं, खिशातली नोट टाचणीने टोचून ठेवलेलं पोरगं आता त्या गाडीतून उतरायला हरकत नाही.