विजेत्यांचा चषक आणि छत्तिसांची पंगत

हिवाळ्याच्या दिवसांत पुण्यामुंबईच्या कित्येक सुशिक्षित घरांतून रात्रीं दीड वाजतां दिवाणखान्यांत उजेड दिसतो. परीक्षा जवळ आली म्हणून नातू जागतो आहे, अशी आजीची भाबडी समजूत असते. वस्तुस्थिति अशी कीं, त्या घटकेला मध्य युरोपांत रात्रीचे नऊ वाजलेले असतात आणि चँपियन्स लीग या नांवाच्या फुटबॉल-स्पर्धेचे सामने सुरू होत असतात. सकाळीं चहाच्या वेळीं, "काय रे, तुझा संघ पंधरावा आला म्हणतोस, मग तो अजून स्पर्धेंत कसा?" असें वडिलांनीं विचारलें, तर मिळणाऱ्या उत्तरानें त्यांचें समाधान क्वचितच होतें. आमचेंहि प्रथम झालें नाहीं. परंतु ही रचना थोडी खोलांत जाऊन पाहतां, तिच्या मुळाशीं योग्यता आणि वतन यांचा एक जुना तंटा आहे, असें आम्हांस आढळून आलें. तंट्याची गोष्ट समजली म्हणजे नियमहि आपोआप समजतात. म्हणून तेथूनच आरंभ करूं.

ह्या स्पर्धेचा जन्म एका वर्तमानपत्राच्या कचेरींत झाला. १३ डिसेंबर १९५४ रोजीं इंग्लंडांतील वुल्व्हरहँप्टन वाँडरर्स या संघानें बुडापेस्टच्या होनवेद संघास विजेच्या दिव्यांच्या उजेडांत ३-२ असें हरविलें. होनवेदमध्यें पुष्कशसारखे हंगेरीचे नामांकित खेळाडू होते. तेव्हां इंग्रजी पत्रांस हर्षवायु होऊन त्यांनीं आपला संघ जगज्जेता ठरवून टाकला. पॅरिसच्या 'लेकिप' या क्रीडाविषयक दैनिकाचे गाब्रिएल आनो यांस हें रुचलें नाहीं. घरच्या मैदानावरील एका विजयानें कोणी जगज्जेता होत नाहीं. ह्या मंडळींनीं मॉस्कोस व बुडापेस्टास जाऊन जिंकून दाखवावें, अशा अर्थाचें त्यांनीं लिहिलें. आणि तेवढ्यावर न थांबतां युरोपांतील क्लबांची स्पर्धाच भरवावी, अशी योजना पुढें मांडली. ४ सप्टेंबर १९५५ रोजीं लिस्बन येथें पहिला सामना झाला. सोळा संघ आले. इंग्लंडचा त्या वर्षींचा विजेता चेल्सी हा होता. परंतु तेथील लीगच्या चालकांनीं त्याचें मन वळवून त्यास घरींच बसविलें. बेटाबाहेरील नवी गोष्ट साहेबाला उशिराच पटते! १३ जून १९५६ रोजीं पॅरिस येथें झालेल्या पहिल्या अंतिम सामन्यांत रेआल माद्रिदनें फ्रान्सच्या रँस संघाचा ४-३ असा पराभव केला. आणि पुढील चार वर्षें तो चषक माद्रिदनें आपल्या घराबाहेर जाऊं दिला नाहीं.

त्या काळचा नियम एका दमांत सांगण्याजोगा होता. आरंभीचें निमंत्रणांचें वर्ष संपल्यावर प्रत्येक देशाचा एक विजेता आणि मागील वर्षाचा चषकधारी, एवढ्यांनाच प्रवेश. जोडी लावावयाची, दोन सामने खेळवावयाचे, एक ह्याच्या घरीं व एक त्याच्या घरीं. दोन्हींतील गोलांची बेरीज करावयाची. जो कमी पडेल त्यानें पुढल्या वर्षाची वाट पाहावी. बेरीज समान झाली तर तिसऱ्या ठिकाणीं तिसरा सामना, आणि तोहि बरोबरींत सुटला तर दैवाचा कौल. १९६५ सालीं लिव्हरपूल व कोलोन यांचे दोन्ही सामने बिनगोल सुटले; रॉटरडॅम येथें झालेला तिसराहि २-२ असा राहिला. पंचानें कौलासाठीं चकती उडविली, ती खालीं येऊन चिखलांत उभीच रुतली! पुन्हा उडविली तेव्हां कौल लिव्हरपूलला मिळाला, आणि कोलोनचे खेळाडू एकहि सामना न हरतां घरीं गेले. हा प्रकार फार दिवस चालणें शक्य नव्हतें. १९७० पासून पेनल्टीनें निकाल लावण्याची रीत आली. बेरीज समान असल्यास परक्या मैदानावर केलेले गोल अधिक ज्याचे, तो विजयी, असाहि एक नियम १९६७ पासून ह्या स्पर्धेंत होता. तो २०२१ सालीं रद्द झाला.

दैवाचा कौल गेला, पण धोका राहिलाच. श्रीमंतांस खुपूं लागला तो हा धोका. १९८७ सालीं पहिल्याच फेरींत रेआल माद्रिद व माराडोनाचा नापोली समोरासमोर आले. नापोली इटलीचा विजेता, परंतु सप्टेंबरांतच त्याची वाट बंद झाली. आपल्या क्लबावर अलोट पैसा ओतावयाचा आणि दोन संध्याकाळीं सारें संपावयाचें, हा कसला व्यवहार, असें मिलान संघाचे धनी सिल्व्हिओ बेर्लुस्कोनी यांच्यासारख्यांनीं म्हणावें, यांत नवल नाहीं. व्यापाऱ्याच्या दृष्टीनें तें खरेंहि आहे. १९९१ पासून स्पर्धेच्या मध्यें गटवार साखळी सामने आले. १९९२ सालीं चँपियन्स लीग हें नांव आलें. आणि १९९७ सालीं मोठ्या देशांच्या उपविजेत्यांसहि दार उघडलें. दोन वर्षांनीं एकेका देशाचे चार चार संघ येऊं लागले. नांवांत विजेता राहिला, पण तो असण्याची अट गेली. आपल्याकडे पाटिलकी ज्याच्या घरांत असे तो प्रत्यक्ष पाटील असेच असें नाहीं. त्यांतलाच हा प्रकार.

त्यानंतर पुष्कळ वर्षें बत्तीस संघ, चारचारांचे आठ गट, प्रत्येकीं सहा सामने व पहिले दोघे पुढें, अशी व्यवस्था चालली. ती सुटसुटीत होती, पण शेवटच्या सामन्यांपूर्वींच कांहीं गटांचा निकाल लागून जाई. शिवाय मोठ्यांची भूक भागली नव्हती. १८ एप्रिल २०२१ रोजीं युरोपांतील बारा धनाढ्य क्लबांनीं स्वतःची निराळी 'सुपर लीग' काढल्याचें जाहीर केलें. तींत संस्थापकांना कायमचें स्थान मिळावयाचें होतें. प्रेक्षकांचा असा कांहीं क्षोभ झाला कीं, दोनच दिवसांत इंग्लंडचे साही संघ माघारे फिरले. परंतु मौजेची गोष्ट पुढेंच आहे. ह्या बंडाच्या दुसऱ्याच दिवशीं युएफा या युरोपीय नियामक संस्थेनें आपली जी नवी योजना मंजूर केली, तींतहि दोन जागा पूर्वपुण्याईवर, म्हणजे मागील वर्षांच्या गुणांकावर, राखून ठेवलेल्या होत्या! त्या जागांवर एवढी टीका झाली कीं, मे २०२२ मध्यें त्या काढून टाकाव्या लागल्या, आणि प्रत्येकीं दहा सामन्यांचा बेत आठांवर आला.

ही सुधारलेली योजना २०२४ च्या शरदऋतूंत अंमलांत आली. संघ छत्तीस, गट नाहींत, सर्वांची एकच पंगत, म्हणजे एकच गुणतक्ता. छत्तीस संघांनीं एकमेकांशीं खेळावयाचें म्हटलें तर वर्ष पुरणार नाहीं. म्हणून प्रत्येकानें फक्त आठ निरनिराळ्या प्रतिस्पर्ध्यांशीं एकेक सामना खेळावयाचा, चार घरीं आणि चार बाहेर. मागील पांच वर्षांच्या कामगिरीवरून नऊनऊ संघांच्या चार उतरंडी लावतात. प्रत्येक उतरंडींतून प्रत्येकाच्या वांट्याला दोन प्रतिस्पर्धी येतात, त्यांतील एक पाहुणा व एक यजमान. स्वतःच्या देशाचा संघ येतां कामा नये. दुसऱ्या कोणत्याहि एका देशाचे दोहोंपेक्षां अधिक येतां कामा नयेत. एवढ्या अटी सांभाळून हातानें चिठ्ठ्या काढणें दुरापास्त असल्यामुळें बरेंचसें काम यंत्रगणकाकडे सोंपविलें आहे. आठ सामन्यांनंतर पहिले आठ संघ थेट शेवटच्या सोळांत जातात. नऊ ते चोवीस यांनीं आपसांत दोन दोन सामने खेळून उरलेल्या आठ जागा मिळवावयाच्या. पंचविसाव्यापासून पुढच्यांचें पान उठतें. पूर्वीं गटांत तिसऱ्या आलेल्याला खालच्या दर्जाच्या युरोपा लीगमध्यें आसरा मिळे. तो आतां नाहीं. पुढें सोळांपासून उपांत्य फेरीपर्यंत जुनाच प्रकार, घरीं व बाहेर असे दोन सामने, आणि शेवटीं एक अंतिम सामना. एकूण सामने पूर्वीं १२५ होते, ते १८९ झाले. खेळाडूंच्या गुडघ्यांचा विचार कोणी केला असेल, असें आम्हांस वाटत नाहीं.

आतां त्या पंधराव्याची गोष्ट. २०२४-२५ च्या हंगामांत पॅरिस सँ-जेर्मँ संघाच्या नशिबीं मँचेस्टर सिटी, बायर्न म्यूनिक, आर्सेनल, अत्लेतिको माद्रिद असे दांडगे प्रतिस्पर्धी आले. पांच सामन्यांत त्याचे गुण झाले अवघे चार. जुन्या रचनेंत सहापैकीं पांच सामन्यांनंतर अशा संघाची आशा सोडावी लागती. येथें अजून तीन सामने शिल्लक होते. २२ जानेवारी २०२५ रोजीं सिटीविरुद्ध दोन गोलांनीं मागें असतांना पॅरिसनें चार गोल केले. तक्त्यांत पंधरावा क्रमांक गांठला. जादा फेरींत आपल्याच देशाच्या ब्रेस्ट संघास दोन सामने मिळून १०-० असें झोडपलें. आणि मग, तक्त्यांत पहिल्या आलेल्या लिव्हरपूललाच पेनल्टीवर बाहेर काढलें. ३१ मे रोजीं म्यूनिक येथें इंटर मिलानला ५-० असें हरवून त्यानें चषक नेला. पहिल्या येण्याचें बक्षीस म्हणून लिव्हरपूलच्या पदरांत काय पडलें, असा प्रश्न तेव्हां विचारला गेला. त्याची दखल घेऊन २०२५-२६ पासून तक्त्यांत वर असणाऱ्यास पुढच्या फेऱ्यांतहि दुसरा सामना घरच्या मैदानावर मिळावा, असा पालट करण्यांत आला.

ह्या रचनेचें खरें वैभव शेवटच्या रात्रीं दिसतें. २९ जानेवारी २०२५ रोजीं अठराहि सामने एकाच वेळीं सुरू झाले. मँचेस्टर सिटी मध्यंतराला बेल्जमच्या क्लब ब्रुगविरुद्ध एका गोलानें मागें होता, म्हणजे स्पर्धेबाहेर होता. अखेर त्यानें ३-१ असा विजय मिळवून बाविसावा क्रमांक वांचविला. त्याच वेळीं झाग्रेब येथें दिनामो संघानें मिलानला २-१ असें हरविलें. दिनामोचे अकरा गुण झाले. हरलेल्या ब्रुगचेहि अकराच. चोविसावी जागा एक. गोलांचा फरक पाहिला तर ब्रुगचा उणे चार, दिनामोचा उणे सात. हे उणे सात आले कोठून? सप्टेंबरांत पहिल्याच सामन्यांत बायर्ननें दिनामोला ९-२ असें हरविलें होतें. पुढील सात सामन्यांत त्याचा जमाखर्च अगदीं बरोबर होता. त्या दिवशीं नवाऐवजीं सहाच गोल चढले असते, तर फरक सारखा होऊन, अधिक गोल केल्याच्या जोरावर दिनामो आंत आणि ब्रुग बाहेर, असें झालें असतें. सामना हातचा गेल्यावरहि सातवा, आठवा, नववा गोल अडविण्यासाठीं जीव टाकावयाचा कशाला, असें ज्या खेळाडूस वाटत असेल, त्याच्यापुढें हा हिशेब ठेवावा. छत्तिसांच्या एका पंगतीविषयीं आमचें मत यामुळेंच पुष्कळ निवळलें. आठ प्रतिस्पर्धी सर्वांना सारखे कठीण मिळत नाहींत, हा दोष तींत आहे खरा.

आमचा खरा आक्षेप दारापाशीं आहे. छत्तिसांपैकीं एकोणतीस पानें आधींच मांडलेलीं असतात. देशांच्या मागील पांच वर्षांच्या गुणांकानें पहिल्या चार देशांस प्रत्येकीं चार, पांचव्यास तीन, सहाव्यास दोन आणि पुढील चौघांस एकेक जागा मिळते. चषकधारी व युरोपा लीगचा विजेता यांच्या दोन. आणि ज्या दोन देशांच्या संघांनीं मागील हंगामांत एकंदरींत उत्तम कामगिरी केली, त्यांना एकेक जादा. २०२५-२६ मध्यें ह्या वाटांनीं इंग्लंडचे सहा संघ आले; त्यांत आपल्या लीगमध्यें पांचवा आलेला न्यूकॅसल थेट आंत होता. उरलेल्या सात जागांसाठीं जुलैपासून चाळणी चालते, आणि त्यांतील पांच जागा युरोपांतील उरलेल्या सर्व देशांच्या विजेत्यांनीं आपसांत लढून वांटून घ्यावयाच्या. ज्यांच्यासाठीं स्पर्धा निघाली, तेच ओसरीवर ताटकळत!

त्यांतून पैशाचा वांटा पाहावा. २०२४ ते २०२७ या काळापुरते नुसत्या प्रवेशाचे १ कोटी ८६ लाख युरो, प्रत्येक विजयाचे २१ लाख व बरोबरीचे ७ लाख, येथपर्यंत ठीक. परंतु एकूण रकमेचा शेंकडा ३५ भाग देशाच्या प्रक्षेपणाची बाजारपेठ आणि गत पांच-दहा वर्षांची कामगिरी पाहून वांटला जातो. जें वतन पुढच्या दारानें घालविलें, तें मागच्या दारानें तिजोरीपाशीं येऊन बसलें आहे.

कझाकस्तानचा विजेता कैरात हा २०२५ च्या जुलैंत पहिल्या चाळणीपासून खेळूं लागला. आठ सामने झाले. शेवटचा अडसर होता स्कॉटलंडचा विजेता सेल्टिक, १९६७ सालीं हाच चषक जिंकणारा. तो दोन्ही बिनगोल सामन्यांनंतर पेनल्टीवर दूर झाला. न्यूकॅसलनें तोंवर त्या हंगामाच्या स्पर्धेंत एकदांहि चेंडूस पाय लावला नव्हता. पहिल्या सामन्यासाठीं कैरातच्या खेळाडूंनीं अल्माटीहून लिस्बनपर्यंत सुमारें सात हजार किलोमीटरचा प्रवास केला आणि ते ४-१ असे हरले. ३० सप्टेंबर रोजीं रेआल माद्रिद त्यांच्या घरीं अल्माटीस आला. माद्रिद ५, कैरात ०. तो सामना सुरू झाला तेव्हां आपल्याकडे रात्रीचे साडेदहाहि वाजले नव्हते, त्यामुळें त्या दिवशीं जागरणाचा प्रश्न कोणत्याच घरांत निघाला नाहीं.